बेचिराग गाव आणि शहरवाल्यांचं मोकळं जंगल

शहरातल्या शिकलेल्या माणसांत हल्ली एक बोलणं फार ऐकू येतं. पेपरात येतं, टीव्हीवर येतं, आपल्याकडे धबधबा बघायला, पक्षी मोजायला येणारी पोरंसुद्धा तेच बोलतात. ते असं की माणसांची संख्या बेसुमार झाली, हवा बिघडली, पाणी संपत आलं, आता हा सगळा डोलारा एक दिवस कोसळणार. रोग येईल, नाहीतर दुष्काळ पडेल, नाहीतर बॉम्ब पडेल. माणसं जातील. शहरं ओस पडतील. मग शंभर-दोनशे वर्षांत इमारतींवर वड-पिंपळ उगवतील, रस्त्यावर हरणं फिरतील, नद्या स्वच्छ होतील, धरती सुखी होईल. हे सांगताना त्यांच्या तोंडावर भीती दिसत नाही. थोडा आनंदच दिसतो.

आम्ही यावर दोन-तीन बैठकांत बोललो. आधी हसलो. ज्याच्या घरात नळ आहे, वीज आहे, फ्रीज आहे, तोच माणूस माणसं नसलेल्या जगाचं चित्र रंगवतो, आणि ज्याच्या पाड्यावर अजून विजेचा खांब आला नाही त्याला येऊन सांगतो की माणसाने फार लुटलं. लूट कोणी केली आणि किती केली ते बघायला कोणी तयार नाही. दोष वाटायची वेळ आली की आपण "माणूस" होतो. वाटणी करायची वेळ आली की "आदिवासी".

पण हसून सोडून देण्यासारखी ही गोष्ट नाही, म्हणून या अंकात लिहितो आहोत. एरवी या पानांवर मोर्चाची तारीख, कोर्टाची तारीख, अर्जाचा नमुना एवढंच असतं. तेही शेवटी दिलं आहे. आधी हे वाचा. ज्यांना वाचता येत नाही त्यांना शाळेतल्या पोरांनी वाचून दाखवा.

माणसं नसलेलं जंगल ही नुसती कल्पना नाही. ती कल्पना सरकारी कागदावर फार जुनी आहे. इंग्रजाने १८७८ साली जंगलाचा कायदा केला तेव्हा राखीव जंगल म्हणून जी रेघ मारली, तिच्या आत माणूस नाही असंच धरलं. आत पाडे होते, राब होता, देव होते, मसणवट होती. कागदावर झाडं होती. पुढे १९२७ चा कायदा आला, १९७२ चा वन्यजीवांचा कायदा आला, १९८० चा वनसंरक्षण कायदा आला. सरकार बदललं, झेंडा बदलला, रेघ तीच राहिली. आणि ३ मे २००२ ला दिल्लीच्या मंत्रालयातून सगळ्या राज्यांना पत्र गेलं. देशात साडेबारा लाख हेक्टर जंगलजमिनीवर अतिक्रमण आहे, जे नियमात बसत नाही ते ३० सप्टेंबरच्या आत काढा, असं त्यात होतं. पाच महिन्यांत, आणि तेही भर पावसाळ्यात, शेतात भात-नागली उभी असताना. आसामात हत्ती लावून झोपड्या मोडल्या.

शहरवाला जे चित्र दोनशे वर्षांनंतरचं म्हणून काढतो, ते या पत्रात सप्टेंबरअखेरचं होतं.

आता एका शब्दाकडे बघू. तहसील कचेरीच्या दप्तरात गावांच्या यादीत काही गावांपुढे "बेचिराग" असं लिहिलेलं असतं. बोलताना आपण बेचिराख म्हणतो आणि जळून राख झालेलं असा अर्थ घेतो. मूळ शब्द बेचिराग. चिराग म्हणजे दिवा. ज्या गावात संध्याकाळी एकही दिवा लागत नाही ते बेचिराग गाव. गावाला नाव असतं, शीव असते, सर्व्हे नंबर असतात, माणूस तेवढा नसतो. फार्सी लिहिणाऱ्या कोणा कारकुनाने शेकडो वर्षांपूर्वी हा शब्द वापरला, आणि आजही तो सातबाराच्या जगात जिवंत आहे.

अशा जागा आपल्या सगळ्यांच्या बघण्यातल्या आहेत. गुरं घेऊन गेलेल्या पोरांना त्या आधी सापडतात. रान दाट असतं आणि मध्येच चिंचेचं म्हातारं झाड लागतं. चिंच अशी एकटी रानात येत नाही, कोणीतरी लावलेली असते. मग रायवळ आंबे दोन-चार, ओळीत. बांबूचं बेट. पाय मारला तर फुटक्या जात्याची तळी वर येते. घरांचे ओटे असतात, मातीत मिसळलेले, पण पाऊस पडला की चौकोन दिसतात. जरा वर गेलं की शेंदराचा डाग पुसट झालेला वाघदेवाचा दगड. तिथे उभं राहिलं की कळतं, जंगल माणसाला गिळतं ते कसं. हळूहळू गिळतं. आधी घाणेरी येते, मग पळस, मग ऐन-साग. तीस वर्षांत बाहेरचा माणूस तिथे उभा राहून म्हणेल की वा, काय हे अस्पर्श जंगल.

तिथली माणसं कुठे गेली? म्हातारी माणसं सांगतात ती कारणं चार-पाचच आहेत. पटकी आली. देवी आल्या. छपन्याचा दुष्काळ, म्हणजे १८९९-१९०० चा, त्यात गुजरात-खानदेशाकडची भिल्लांची गावंच्या गावं बसली. मग १९१८ ची मानमोडी. हा ताप इतका वाईट होता की देशात एक कोटीच्या वर माणसं मेली आणि १९२१ च्या खानेसुमारीत देशाची माणसं १९११ पेक्षा कमी भरली. अशी घट त्यानंतर एकदाही झाली नाही. पाचवं कारण रोग नव्हता. सावकाराचा आणि जमीनदाराचा जाच, वेठ, मारहाण. रात्रीत पोरंबाळं उचलून लोक दुसऱ्या मुलखात निघून जात. १९४५ ला तलासरी-डहाणूच्या वारल्यांनी वेठ मोडली, तोवर हे चालू होतं.

म्हणजे शहरवाल्यांना जे बघायचं आहे ते आपल्याकडे होऊन गेलेलं आहे. माणसं खरोखर कमी झाली होती. मग तेव्हा जंगल वाढायला हवं होतं ना? तसं झालं नाही. रेल्वेच्या रुळाखालचे स्लीपर इथूनच गेले, बंदराचं लाकूड इथूनच, मुंबईच्या चुलींचा कोळसा इथल्याच भट्ट्यांतून. दोन महायुद्धांत लाकडाची मागणी वाढली, आणि माणसं मेली म्हणून कूप तोडायचे थांबले नाहीत. कुऱ्हाड आपल्याच हातात होती हे खरं, पण लाकूड ठेकेदाराच्या ट्रकात गेलं आणि मजुरीही त्यानेच ठरवली. पाड्यावर डोकी किती आहेत यावर जंगल तुटत नाही. ते कोणाच्या हिशेबावर तुटतं ते बघावं लागतं.

आता लांबची एक गोष्ट. रशियाच्या बाजूला युक्रेन नावाचा देश आहे. तिथे चेर्नोबिलचा अणुवीज कारखाना २६ एप्रिल १९८६ ला फुटला. दुसऱ्या दिवशी बसगाड्या आणून शेजारचं प्रिप्यात हे पन्नास हजार वस्तीचं शहर रिकामं केलं. तीन दिवसांसाठी चला, असं सांगून नेलं. परत आणलंच नाही. पुढे तीस किलोमीटरच्या घेरातली सगळी गावं उठवली, लाखावर माणसं. आता तिथे लांडगे आहेत, रानडुकरं आहेत, शाळेच्या वर्गात झाडं उगवली आहेत. शहरवाल्यांना हे चित्र फार आवडतं. बघा, माणूस गेला आणि जंगल परत आलं.

दोन गोष्टी मात्र ते सांगत नाहीत. पहिली म्हणजे काही म्हातारी माणसं, जास्त करून बाया, पहारा चुकवून आपापल्या घरी परत गेली. हजारेक तरी असतील. विष आहे हे त्यांना सांगितलं होतं. तरी गेल्या, बटाटे लावले, कोंबड्या पाळल्या, माणसांच्या कबरी राखल्या. सरकारने शेवटी त्यांच्याकडे डोळेझाक केली. आपल्या बायांना हे ऐकवलं तेव्हा कोणालाच नवल वाटलं नाही. धरणात गेलेल्या गावातली माणसं उन्हाळ्यात पाणी उतरलं की आपल्या घराची जागा बघायला जातात, हे आपण पाहिलेलं आहे.

दुसरी गोष्ट आपल्या उंबरठ्याशी आहे. तारापूरला १९६९ पासून अणुवीज तयार होते. देशातला तो पहिला कारखाना. बाजूला पुढे आणखी दोन मोठ्या भट्ट्या बांधल्या, आणि त्यासाठी अक्करपट्टी-पोफरणच्या माणसांना उठायला सांगितलं. अशा कारखान्यात जळण वापरून झालं तरी ते गरम राहतं. वर्षानुवर्षं पाण्यात बुडवून ठेवावं लागतं, पाणी फिरतं ठेवावं लागतं, आणि त्यानंतरही हजारो वर्षं त्याची राखण करावी लागते. आता समजा समाज कोसळला. पंप चालवायला माणूस नाही, डिझेल नाही, वीज नाही. मग त्या पाण्याचं काय होईल? माणूस गेला की धरती आपोआप बरी होते हे बोलणं तारापूरपासून लांब राहणाऱ्याने करावं. ज्याने ही घाण निर्माण केली त्याला मरून सुटता येणार नाही. त्याला इथे जिवंत राहून ती सांभाळायला हवी. मुंबईच्या पोरांनी चित्र काढताना समुद्रकिनाऱ्यावरचे ते घुमट काढावेत, आणि शेजारी पाण्याची बादली घेऊन उभा असलेला माणूस काढावा.

आणखी एक. अमेरिकेच्या मध्ये ग्वाटेमाला म्हणून देश आहे. तिथल्या जंगलात तिकाल नावाचं जुनं शहर आहे, उंच देवळं, राजवाडे, सगळ्यावर रान चढलेलं. हजारेक वर्षांपूर्वी ते ओस पडलं. पाऊस कमी झाला होता, राजे आपसांत लढत होते, अशी कारणं सांगतात. पुस्तकांत लिहितात की माया लोकांची संस्कृती नाहीशी झाली. माणसं पैसे देऊन ते ओसाड शहर बघायला जातात आणि गूढ, गूढ म्हणतात. गूढ काही नाही. माया लोक नाहीसे झालेच नाहीत. लाखोंनी आहेत, त्याच देशात आहेत, मका पेरतात, आपली भाषा बोलतात. राजांची शहरं पडली, कर गोळा करणारे गेले, शेत कसणारा राहिला. आपल्याकडे गंभीरगड आहे, भूपतगड आहे. गडावर आता माकडं आहेत आणि खालच्या पाड्यावर आपण आहोत. कोणी म्हणतं का की गंभीरगड पडला म्हणून वारली संपले?

पण त्याच माया लोकांचं पुढे काय झालं तेही वाचा. १९८१ ते ८३ च्या सुमाराला तिथल्या लष्कराने त्यांची शेकडो गावं जाळली. १९९९ साली चौकशी आयोगाचा अहवाल आला, त्यात सरकारी बाजूने केलेली ६२६ हत्याकांडं नोंदली आहेत. हजार वर्षांपूर्वी ओस पडलेल्या गावाला तिकीट लावतात, आणि आपल्या डोळ्यांदेखत ओस पाडलेल्या गावाचं नाव कोणाला माहीत नसतं. अमेरिकेतही तेच. गोऱ्यांनी नेलेल्या देवी-गोवराने तिथली मूळ माणसं मेली, त्यांच्या शेतांवर रान वाढलं, आणि मग आलेल्या गोऱ्यांना वाटलं की ही कोणाचीच नसलेली भूमी आहे. १८७२ ला यलोस्टोनचं पहिलं राष्ट्रीय उद्यान केलं. त्यात राहणारे शोशोनी लोक काढून टाकले. जगभर जंगलखात्यांनी पुढे तोच कित्ता गिरवला.

म्हणून आम्ही म्हणतो, जग बुडायची वाट बघण्याची आपल्याला गरज नाही. आपलं जग दोन-तीनदा बुडून झालं आहे. बुडाल्यावर काय खातात, कसं राहतात ते आपल्या म्हाताऱ्यांना माहीत आहे. कडूकंद चिरून रात्रभर वाहत्या पाण्यात ठेवला की विष जातं, हे ज्ञान हौसेने आलेलं नाही.

आता उलट बाजूने विचार करा. शहर कोसळलं तर शहरातली माणसं जागच्या जागी मरणार आहेत का? चित्रात तसं दाखवतात. सकाळी उठलं तर रस्ते रिकामे. असं कधी झालेलं नाही. १८९६ ला मुंबईत प्लेग आला. साडेआठ लाखांच्या शहरातली जवळजवळ निम्मी माणसं चार-सहा महिन्यांत शहर सोडून पळाली. कुठे गेली? गावाला, कोकणात, घाटावर. १९९४ च्या सप्टेंबरात सुरतेला प्लेगची बातमी पसरली तेव्हाचं तर आपल्याला आठवतंच आहे. दोन-चार दिवसांत लाखो माणसं निघाली, डॉक्टरसुद्धा निघाले. आपली कामाला गेलेली पोरं मिळेल त्या गाडीला लोंबकळून आली. ज्यांना मुंबईत रोज हाकलतात त्यांना त्या वेळी मुंबईवाल्यांनीच स्टेशनात तपासायला उभं केलं.

मुंबईचं पाणी कुठून जातं हे आपल्याइतकं कोणाला ठाऊक नाही. तानसा १८९२ सालचं, मग मोडकसागर, मग भातसा. सगळं आपल्या मुलखातलं, आपल्या बुडालेल्या जमिनींवरचं. भातसाचं पाणी पिसे-पांजरापूरला पंपाने उचलतात. वीज गेली, पंप थांबले, तर चौथ्या दिवशी मुंबई पाइपलाइन धरून उलटी चालत वर येईल. नदी जिथून येते तिथे माणूस जातो. म्हणजे शहरवाल्याच्या चित्रात जे मोकळं, शांत जंगल आहे, तिथे प्रत्यक्षात एक कोटी तहानलेली माणसं येऊन उभी राहतील. त्यांना करवंद ओळखता येणार नाही, शेवळं कशी उकळायची ते माहीत नसेल, चूल पेटवता येणार नाही. तेव्हा कोणाच्या दारात येतील? आम्ही हे धमकी म्हणून लिहीत नाही. आलेल्याला आपण पाणी देतोच. पण आज ज्या पाड्याला अतिक्रमण म्हणून उठवता, त्याच पाड्याच्या ओट्यावर उद्या बसायला येणार आहात, एवढं तरी ध्यानात ठेवा. आणि धरणाच्या काठावरच्या पाड्यांवर मार्च-एप्रिलात टँकर का लागतो, तेही एकदा सांगा.

इथपर्यंत वाचून काही जण खूश होतील की आपलं बरं आहे, आपल्याला काही होणार नाही. तसं नाही. आपलंही पहिल्यासारखं राहिलेलं नाही. मीठ, कापड विकत होतं ते पूर्वीपासून. आता भातसुद्धा चार-पाच महिनेच पुरतं, पुढे रेशन. कसबाई, राजगुडं, कुडई, महाडी अशी बियाणी किती घरांत उरली आहेत? दुकानातलं हायब्रीड आणलं, युरिया टाकला, दोन वर्षं बरं आलं, तिसऱ्या वर्षी जुनं बी शोधायला निघालो तर शेजारीही नाही आणि मामाकडेही नाही. भात हे आपोआप उगवून टिकणारं पीक नाही. दाणा लोंबीला धरून राहतो, माणसाने झोडला तर सुटतो, माणसाने पेरला तर उगवतो. नागलीचं, वरईचं तेच. दोन-चार पावसाळे कोणी पेरलं नाही तर वाण संपला. आंबा राहील, मोह राहील, साग तर राहीलच. कणसरीला घरी आणायला मात्र माणूसच लागतो. माणूस नसलेल्या जंगलात तिला कोण आणणार? शहरवाल्यांच्या चित्रात वाघ आहे, पण कणसरी नाही, हे आमच्या बैठकीत एका आजीने बोलून दाखवलं आणि मग बराच वेळ कोणी काही बोललं नाही.

आणि सगळ्यात मोठी गोष्ट. दिवाळी झाली, भात झोडून झालं, की आपले पाडे बघा. जव्हार-मोखाड्याच्या किती पाड्यांवर संध्याकाळी दिवे लागतात? भिवंडी-वसईच्या वीटभट्ट्या, खाडीतली रेती, नाशिककडचे द्राक्षमळे, कुठे कुठे माणसं जगायला गेलेली असतात. आपण "कामाला गेलो" म्हणत नाही, "जगायला गेलो" म्हणतो. दाराला कडी, अंगणात गवत, एक म्हातारी आणि एक कुत्रं. पोरं आईबापाबरोबर भट्टीवर, शाळेचा पट नुसता कागदावर. १९९२ ला वावर-वांगणीत लहान मुलं मेली तेव्हा देशभर बोंब झाली, पुढारी आले, गाड्या आल्या. त्यानंतर जगायला जाणं थांबलं का? माणसं नसलेला भविष्यकाळ बघायचा असेल तर दोनशे वर्षं थांबायला नको. फेब्रुवारीत मोखाड्याची एसटी धरा.

तर आता मुद्द्यावर येतो. या रिकाम्या घरांचा आणि आपल्या प्लॉटांचा संबंध आहे.

३ मेच्या पत्रावर आपण आणि राज्यभरातल्या संघटनांनी जे केलं, त्यातून सरकारला १० ऑक्टोबर २००२ चा निर्णय काढावा लागला. जुन्या कब्ज्याचे दावे गावात तपासायचे, गावासमोर तपासायचे, नुसता कागद बघायचा नाही, हे त्यातून मिळालं. ही लहान गोष्ट नाही. १९७८ च्या आधीपासून कसत असलेल्यांच्या जमिनी नावावर करायच्या असं सरकारनेच ठरवलेलं होतं, आणि पाव शतक ते फाइलीत पडून होतं. एकसाली प्लॉटवाले तर त्याच्याही आधीपासूनचे. अन्नधान्य वाढवा म्हणून सरकारनेच ते एकेका सालाने दिले होते. आज त्यांनाच चोर ठरवतात.

पण पंचनामा करणारा माणूस उन्हाळ्यात येतो. रस्ते तेव्हाच चालण्यासारखे असतात. तो प्लॉटवर येतो तेव्हा पीक नसतं, घराला कडी असते. तो लिहितो, जागेवर कोणी आढळले नाही. जमीन पडीक. झुडपी जंगल. एवढ्या तीन ओळींत आजाने मोडलेलं रान, बापाने भरलेले दंड, आपण बांधलेले बांध, सगळं पुसलं जातं. कोणी हत्ती आणायला नको, कोणी झोपडी जाळायला नको. माणूस पोटासाठी चार महिने बाहेर गेला आणि गाव कागदावर बेचिराग झालं. उद्या तिथे सागाची लागवड होईल आणि पाटी लागेल. आणि परवा शहरातली पोरं येऊन म्हणतील, किती छान, इथे माणूस नाही.

काही जण म्हणतील, मग जगायला जायचं नाही का? पोट कसं भरायचं? हे बोलणं खरं आहे. घरी बसा असं सांगायचा अधिकार आम्हाला नाही, रोजगार हमीचं काम सुरू करा म्हणून तहसीलवर बसायचा आहे, तो आपण बजावणारच आहोत. पण जमिनीच्या कामापुरतं तरी सगळं घर एकदम निघू नये. भट्टीवाल्याची उचल घेतली असेल तर एक जोडी पाठवा, एक माणूस मागे ठेवा. जिथे ठेवता येत नाही तिथे चार घरांनी मिळून एकाला ठेवा, आणि त्याचं दाणापाणी चौघांनी बघा. पूर्वी गुरं राखायला आपण हेच करत होतो.

मागे राहणाऱ्याने एवढं करावं. प्लॉटवर खोप असेल तर तिला गवत घालून घ्यावं, नसेल तर उभी करावी. बांधावरचे आंबे, जांभूळ, बांबू कोणी लावले आणि कधी लावले ते म्हाताऱ्या माणसाकडून विचारून लिहून ठेवावं. जुनी विहीर, खळ्याची जागा, देवाचा दगड, मसणवट, यांची नावं लिहावीत. बेचिराग झालेले जुने पाडे कुठे होते आणि तिथली कोणती घरं आपल्यात येऊन मिसळली, हेही लिहा, कारण काही दावे तिथूनच सुरू होतात. साठीच्या वरच्या माणसांच्या जबान्या होळीच्या आधी घ्यायच्या आहेत. होळीला सगळी परत येतील तेव्हा पाड्यावर त्या वाचून दाखवू, चुकलं असेल ते तिथेच सुधारू, आणि पंचनामा करणाऱ्या माणसाला गावासमोरच बसवू. कोऱ्या कागदावर अंगठा कोणीही द्यायचा नाही, कितीही गोड बोलला तरी. पंचनामा आधी वाचून घ्यायचा, त्यात "पडीक" किंवा "झुडपी" शब्द आला तर तिथेच हरकत लिहायला लावायची.

ज्यांच्याकडे जंगलखात्याच्या जुन्या दंडाच्या पावत्या आहेत त्यांनी त्या कुडाच्या भिंतीत खोचून ठेवू नयेत. वाळवी लागते, धुराने अक्षर जातं. प्लास्टिकच्या पिशवीत घालून डब्यात ठेवा आणि पुढच्या बैठकीला घेऊन या, झेरॉक्स काढून देऊ. पैसे वर्गणीतून जातील. जुनं भाताचं, नागलीचं, वरईचं बी ज्यांच्याकडे उरलं आहे त्यांनीही पायलीभर आणावं. कोणाकडे काय आहे त्याची यादी करून पुढच्या अंकात छापू.